कोयरी, वेलबुट्टी आणि लोकनक्षी : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

नक्षी काढायला शिकवते म्हटल्यावर ठरावीक प्रश्न फिरून फिरून येतात. काही इतिहासाचे असतात, काही ‘माझी कोयरी बेडकाच्या पिल्लासारखी का दिसते?’ अशा जातीचे. मला दुसऱ्या जातीचे जास्त आवडतात, म्हणून त्यांची उत्तरं लांबली आहेत.

बुट्टी, बुट्टा, वेल, जाळ… यांत फरक काय?

बुट्टी म्हणजे सुटा, छोटा, चारी बाजूंना मोकळी जागा असलेला नग. तोच मोठा आणि भरगच्च झाला की बुट्टा. वेल एका दिशेने धावते, म्हणून ती काठात शोभते. जाळात मात्र सगळं एकमेकांत गुंतलेलं असतं, कुठून सुरू झालं आणि कुठे संपलं ते सापडू नये अशी अपेक्षा असते. नक्षीचा जो तुकडा पुन्हा पुन्हा येतो त्याला सगळे रिपीट म्हणतात, मीही तेच म्हणते.

कोयरीला ‘पेझली’ हे नाव कुठून आलं?

पेझली हे स्कॉटलंडमधलं, ग्लासगोजवळचं विणकरांचं गाव. नक्षी तिथली नव्हे, नाव तेवढं तिथलं.

अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात काश्मिरी शाली युरोपात पोचल्या आणि श्रीमंत बायकांना त्यांचं वेड लागलं. नेपोलियनची जोसेफिन तर शालींच्या संग्रहासाठीच ओळखली जायची. खरी शाल फार थोड्यांना परवडायची, म्हणून नक्कल सुरू झाली. एडिंबरा आणि नॉरिच ही शहरं या धंद्यात आधी उतरली. पेझली उतरलं १८०५ च्या सुमाराला, पण माल इतका स्वस्त आणि इतका काढला की इंग्रजीत नक्षीला गावाचंच नाव चिकटलं. पुढे जॅकार्डचा पंचकार्डांवर, म्हणजे भोकं पाडलेल्या पुठ्ठ्यांवर, चालणारा माग तिथे आला आणि पूर्वी ताण्याचे दोर ओढणाऱ्या पोराची गरज संपली.

१८७० च्या आसपास ही फॅशन एकाएकी बसली. बायकांचे झगे मागच्या बाजूने फुगीर झाले आणि त्यावर एवढी मोठी शाल नीट पडेना. शिवाय छापील कोयरी इतकी स्वस्त झाली होती की विणलेलीचा तोरा उरला नव्हता.

मग ती मुळात आंबा आहे, बदाम आहे की ज्योत?

ज्याला जे दिसलं त्याने ते नाव दिलं. आपण कोय, कैरी पाहिली आणि कोयरी म्हटलं. कुंकवाच्या डबीलाही तिच्या आकारावरून तेच नाव पडलं. तमिळमध्ये ती मांगा, बंगालीत कल्का, पंजाबीत अंबी. वेल्समध्ये तिला ‘वेल्श पेअर’ म्हणतात आणि अमेरिकेतल्या गोधड्या शिवणाऱ्या बायका ‘पर्शियन पिकल’, म्हणजे इराणी लोणच्याची काकडी. मला हे शेवटचं नाव सगळ्यात प्रामाणिक वाटतं.

फारसीत मात्र तिला ‘बोते’ म्हणतात, म्हणजे झुडूप, आणि काश्मिरी शालींच्या बाबतीत हा शब्द अगदी नेमका आहे. सतराव्या शतकातल्या शालींच्या पदरावर एकेक सुटं फुलझाड असतं. देठ बारीक, पानं मोजकी, कधी खाली मुळंसुद्धा विणलेली. अठराव्या शतकात त्या झाडाला फुलं वाढत गेली आणि त्याचा गुच्छ झाला. गुच्छाचं टोक वाऱ्याने झुकल्यासारखं एका बाजूला कललं. मग गुच्छाभोवती रेघ आली, आणि एकोणिसाव्या शतकात ती रेघच मुख्य झाली, फुलं आत कोंडली गेली. शतकाच्या मध्यापर्यंत कोयरी लांबट होत होत पार शालीच्या मधोमध जाऊन पोचली. चार काळातल्या चार शाली शेजारी मांडल्या की झाडाची कोयरी होताना डोळ्यांसमोर दिसते. नक्षीचा इतका सलग प्रवास क्वचितच बघायला मिळतो.

जुनी शाल काश्मिरी की पेझलीची, कसं ओळखायचं?

उलटी करून बघा. काश्मिरी कानी शालीत धोटा नसतो, प्रत्येक रंगाची वेगळी छोटी लाकडी काडी असते आणि तो रंग आपल्या जागेपुरता जाऊन परत वळतो. शेजारच्या रंगाशी तो जिथे अडकतो तिथे मागच्या बाजूला बारीकशी उंच रेघ उठते, बोटाला लागते. पेझलीच्या जॅकार्ड शालीत प्रत्येक रंगाचा बाणा या काठापासून त्या काठापर्यंत जातो, नको तिथे पाठीवर लोंबकळतो, आणि हे लोंबते धागे नंतर कातरलेले असतात. त्यामुळे पाठ केसाळ, आडव्या रेषांची दिसते.

आणखी एक खूण. पुढच्या काळात काश्मीरमध्ये काम लवकर उरकावं म्हणून शाल तुकड्यातुकड्यांनी विणत आणि रफूगार ते तुकडे जोडत. तो जोड शोधायला भिंग लागतं, इतकी त्यांची सुई बारीक.

कानी विणकर समोर चित्र ठेवत नाहीत हेही अनेकांना ठाऊक नसतं. ते ‘तालीम’ नावाच्या सांकेतिक लिपीवरून विणतात: कुठला रंग, किती धाग्यांवर. एक जण वाचतो, बाकीचे विणतात. नक्षी डोळ्यांनी नव्हे, कानांनी उतरते.

माझी कोयरी बेडकाच्या पिल्लासारखी दिसते. काय चुकतंय?

मान. जवळजवळ सगळ्यांची मान चुकते.

आपण आधी गोल काढतो आणि मग त्याला शेपूट लावतो. गोल संपतो तिथे शेपटी सुरू होते, मध्ये खाच पडते, झालं बेडकाचं पिल्लू. कोयरीची बाहेरची कड एकसलग असायला हवी: पोटाखालून निघाली की टोकापर्यंत कुठेही मोडायची नाही, वळण हळूहळू घट्ट होत जायचं. आतली कड आधी पोटाबरोबर फुगते, मग उलट्या बाजूला आत जाते. म्हणजे एक कड साधी कमान आणि दुसरी लांबट ‘ऽ’. या दोन वेगळ्या रेषा टोकाशी भेटतात, त्यातच तिचा डौल आहे. दोन्ही बाजू सारख्याच वळवल्या तर पाण्याचा थेंब होतो.

मी मुलींना आधी कणा काढायला लावते. एकच रेघ, बुडापासून टोकापर्यंत, सावकाश वळणारी. कण्यावर सात-आठ ठिकाणी आडव्या काड्या टाकायच्या, खालच्या लांब, वरच्या आखूड, आणि काड्यांची टोकं जोडायची. मान आपोआप जागेवर येते. आतलं भरणही कण्यापासून बाहेर काढत न्यायचं. कडेपासून आत भरत आलात तर मध्यभागी कुठलंच फूल मावणार नाही असा तिरपागडा कोपरा उरतो, आणि तिथे मग सगळे ठिपके देतात. ठिपक्यांचा ढीग दिसला की समजावं, भरण उलटं झालंय.

टोक किती वळवायचं? एवढंच की टोक आणि मान यांच्यामधली मोकळी जागासुद्धा एक आकार वाटावी. ती जागा चिमटीत सापडल्यासारखी दिसली तर टोक सोडवा.

फूल खऱ्यासारखं काढावं की नक्षीसारखं?

खऱ्याकडे बघून नक्षीसारखं. जहांगीर १६२० च्या वसंतात काश्मीरला गेला होता, आणि त्याच्या दरबारातल्या उस्ताद मन्सूरने तिथल्या फुलांची शंभरावर चित्रं काढली असं बादशहाने स्वतः नोंदवलंय. मन्सूरचं लाल ट्यूलिप आजही अलीगढला आहे. याच नजरेतून पुढे ताजमहालाच्या भिंतींच्या खालच्या पट्ट्यातली संगमरवरी फुलझाडं आली. ती इतकी जिवंत वाटतात की हात लावावासा वाटतो, पण जात ओळखायला जाल तर सगळ्यांची ओळखू येत नाही. फुलांचा स्वभाव घेतलाय, हजेरी नाही.

सरावासाठी एकच फूल घ्या आणि तीन बाजूंनी काढा: समोरून, बाजूने, कळी. समोरून पाकळ्यांचं चक्र मिळतं, बाजूने वाटीसारखा आकार, आणि कळीतून टोकदार थेंब. या तिघांत अख्खा जाळ भरता येतो. नुसती समोरची फुलं वापरली की कापडावर बशा मांडल्यासारखं दिसतं.

लोकनक्षी कशाला म्हणायचं? साधी आहे म्हणून लोकनक्षी का?

साधी? पेत्रिकिव्का एकदा काढून बघा. युक्रेनमधल्या त्या गावाची ही फुलांची चित्रकला २०१३ मध्ये युनेस्कोच्या यादीत गेली. पारंपरिक ब्रश मांजराच्या केसांचा. आधी पेन्सिलने आखणी नाही, थेट रंगाचा फटकारा. ब्रश टेकवायचा, दाबायचा आणि उचलत ओढायचा, की एका हालचालीत पाकळी: एकीकडे जाड, दुसरीकडे केसासारखी. चुकलं तर खोडायची सोय नाही.

लोकनक्षी हाताच्या सवयीतून येते, हा माझ्या लेखी तिचा खरा गुण. नॉर्वेतल्या रोझमालिंगमध्ये अठराव्या शतकात पेट्या, भिंती, भांडी रंगायला लागली. टेलेमार्क भागात तिच्या वेली मुद्दाम असमतोल वाहतात, तर हालिंगदालची नक्षी दोन्ही बाजूंना सारखी तोललेली. पोलंडमधल्या झालिपिएत बायकांनी घरांच्या भिंती फुलांनी भरल्या. चुलीच्या धुराने भिंती काळवंडायच्या, त्यावर चुन्याचे ठिपके दिले जायचे, आणि ठिपक्यांची पुढे फुलं झाली.

आणि माझी सर्वांत लाडकी, उझबेकिस्तानची सुझनी. सुझन म्हणजे सुई. अरुंद पट्टे एकत्र टाचून त्यांवर नक्षी आखायची, मग पट्टे उसवून घरातल्या वेगवेगळ्या बायकांनी भरायला घ्यायचे, आणि शेवटी परत जोडायचे. एकीचा टाका घट्ट, दुसरीचा सैल, एकीच्या लडीतला लाल जरा वेगळा. त्यामुळे जोडावर मोठं गोल फूल अर्ध्या बोटाने सरकलेलं दिसतं. ते फूल ‘दुरुस्त’ करून छापलेली सुझनी मी पाहिली आहे. मेलेली होती.

रशियन लाकडी भांड्यांवरचं सोनं खरं असतं का?

या भांड्यांच्या नक्षीला खोखलोमा म्हणतात, आणि तिच्यात सोनं अजिबात नसतं. लाकडाच्या भांड्यावर जवसाचं तेल देऊन पूर्वी कथलाची, आता ॲल्युमिनियमची पूड चोळतात. भांडं चांदीसारखं होतं. त्यावर लाल-काळ्या रंगात पानंफुलं, वर वॉर्निश, आणि मग भट्टी. उष्णतेने वॉर्निश पिवळट होतं आणि खालची चांदी सोनेरी दिसते.

फुलांच्या कापडावर खरंच कायद्याने बंदी होती?

होती, आणि तीही आपल्या चिटावर. कोरोमंडल किनाऱ्यावरून जाणारं रंगीत फुलांचं चीट आणि झाडाच्या नक्षीचे पलंगपोस युरोपात इतके खपले की तिकडचे लोकर-रेशीमवाले हवालदिल झाले. फ्रान्सने १६८६ मध्ये बंदी घातली, ती १७५९ पर्यंत टिकली. इंग्लंडने १७०० आणि १७२१ मध्ये कायदे केले, ते १७७४ मध्ये उठले. बंदीच्या काळातही लोक ते नेसत होतेच.

वेड लागण्याचं कारण नुसती नक्षी नव्हती, पक्का रंग होता. मुळांपासून काढलेला एकच लाल रंग, पण कापडावर आधी तुरटीने लिहिलं असेल तिथे तो लाल चढतो, लोहाच्या पाण्याने लिहिलं असेल तिथे काळा. निळीसाठी बाकीचं कापड मेणाने झाकायचं. हिरवा मात्र निळ्यावर पिवळा देऊन व्हायचा, आणि पिवळा उन्हाने उडायचा. म्हणून संग्रहालयातल्या जुन्या चिटावर निळी पानं दिसतात. ती कारागिराची लहर नव्हे. (निळ्या पानांवर भाळून मी एक अख्खी चादर तशी रंगवली होती. कारण नंतर कळलं. चादर अजून आवडते.)

रिपीट जुळतच नाही. सोपी रीत सांगा.

चौकोनी कागदाच्या मधोमध चित्र काढा, पण एकही रेघ कडेला लागू देऊ नका. आता कागद उभा अर्धा कापा आणि दोन्ही भागांची जागा बदला: डावा उजवीकडे, उजवा डावीकडे. चिकटवा. मग आडवा कापा, वरचा खाली, खालचा वर. चिकटवा. कडेची कोरी जागा आता मध्ये आली आहे, ती भरा. हा तुकडा कुठल्याही बाजूने जोडला तरी जुळतोच. कॉम्प्युटरवरचं ‘ऑफसेट’ हेच करतं, पण एकदा कात्रीने केल्याशिवाय डोक्यात बसत नाही.

रिपीट जुळलं म्हणजे काम संपलं असं नाही. आठ-दहा तुकडे जोडून भिंतीला लावा, लांब जाऊन डोळे बारीक करा. फुलांच्या मधली रिकामी जागा सरळ रेषेत येऊन गल्ल्या पडलेल्या दिसतील. जवळून कधीच दिसत नाहीत, पडदा टांगला की पहिल्यांदा त्याच दिसतात. उपाय जुना आहे: शेजारची रांग अर्ध्या उंचीने खाली सरकवायची. याला हाफ-ड्रॉप म्हणतात. तरी गल्ली राहिलीच तर नवीन फूल कोंबू नका, असलेली पानं त्या दिशेला वळवा.

नक्षी किती प्रकारे फिरवता-पलटता येते? काही मर्यादा आहे का?

आहे, आणि ती गणिताने सिद्ध झालेली आहे. सरकवणं, फिरवणं आणि आरशासारखं पलटणं यांच्या जुळणीतून काठासाठी ७ प्रकार होतात आणि सगळीकडे पसरणाऱ्या नक्षीसाठी १७. या १७ ची सिद्धता फेदोरोव्ह या रशियन गणितज्ञाने १८९१ मध्ये दिली. फुलं अगणित, सांगाडे सतराच.

ठसा कोरताना काय लक्षात ठेवायचं?

आरसा. माझ्या पहिल्या ठशावरची कोयरी मी कागदावर होती तशीच लाकडावर उतरवली. छापली तेव्हा सगळ्या कोयऱ्या काठाकडे पाठ करून बसल्या. ट्रेसिंग पेपर उलटा ठेवायचा, एवढंच करायचं होतं.

एका नक्षीला एक ठसा पुरत नाही हेही ध्यानात घ्या. बाहेरच्या रेघेचा ‘रेख’, आतल्या भरणाचा ‘दत्ता’ आणि मागच्या पार्श्वभूमीचा ‘गद’ असे वेगळे ठसे असतात, रंगागणिक एक. ठशाच्या कोपऱ्यात जुळवणीचा बारीक ठिपका असतो, तो आधीच्या छाप्यातल्या ठिपक्यावर बसवायचा. चांगल्या छापणाऱ्याचे हे ठिपके पाकळीत लपतात, शोधायला मजा येते.

स्टेन्सिलमध्ये वेगळीच अडचण. कोयरीच्या आतली कोयरी कापली की ती गळून पडते. मध्ये पूल ठेवावे लागतात. ते नंतर पुसायचा प्रयत्न करू नका, पानाच्या शिरा समजून आधीच आखणीत घ्या.

भरतकामात कोयरीसाठी कुठला टाका?

कडेला देठाचा टाका किंवा साखळी. वळणावर टाका अर्धा आखूड करायचा, नाहीतर वळणाचे कोन होतात. आतल्या बियांना गाठीचा टाका. पोट मोठं असेल तर भरीव टाका टाळा, लांब धागे अडकतात आणि ओघळतात. त्याऐवजी कडेला समांतर धावदोऱ्याच्या ओळी आत आत नेत चला. बंगालच्या कांथा भरतकामात असंच करतात, त्याने कापडावर पाण्यासारखी लहर उठते.

पंजाबच्या फुलकारीची मात्र गोष्टच उलटी. ती कापडाच्या मागच्या बाजूने, धागे मोजून भरतात, फूल समोर आपलं आपण उमटतं. मोजून भरायची असल्यामुळे तिच्यात कोनाची फुलं सुंदर येतात, गोलाईची कोयरी अडखळते. टाक्याला काय जमतं ते आधी पाहावं आणि मग नक्षी निवडावी.

फुलं, कोयरी आणि लोकनक्षी एकाच वस्तूवर चालतील?

चालतील. एक मोठी, एक मध्यम, एक बारीक, आणि एखादा रंग तिघींत सामाईक. तिन्ही एकाच आकाराच्या असल्या की भांडतात.

रुमालावर आणि गिटारवर कोयरी कशी पोचली?

रुमालाला ‘बंडाना’ हा शब्द बांधणीच्या कुळातला, आणि लाल रुमालावर कोयरी छापायची पद्धत एकोणिसाव्या शतकात रूढ झाली. गिटारची गोष्ट १९६८ ची. फेंडर कंपनीने गुलाबी कोयऱ्यांची टेलिकास्टर काढली. ती रंगवलेली नव्हती, लाकडावर भिंतीला लावायचा कागद चिकटवून वर लॅकर दिलं होतं.

पारंपरिक नक्षी वापरली तर हक्काचा प्रश्न येतो का?

कोयरी कुणाच्या मालकीची नाही. पण तिचं कुणीतरी नव्याने काढलेलं चित्र त्याचं असतं. इंटरनेटवरून उचललेलं ‘पारंपरिक’ बहुधा कुणाच्या तरी टेबलावर गेल्या वर्षी जन्मलेलं असतं. मूळ वस्तू बघून स्वतः काढा. आणि जिचं नाव ठरावीक प्रदेशाशी बांधलेलं आहे, ती नक्षी छापील कापडावर घेऊन त्याच नावाने विकू नका.

जुनी कामं प्रत्यक्ष कुठे बघता येतील?

अहमदाबादचं कॅलिको म्युझियम, १९४९ पासूनचं. चीट आणि शालींसाठी लंडनचं व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट. जाताना कॅमेऱ्यापेक्षा वही न्या. फोटोत फूल येतं, पण दोन फुलांमध्ये कारागिराने किती जागा सोडली ते हाताने काढल्याशिवाय कळत नाही. एका वेळी एकच वस्तू निवडा आणि तिच्यातली फक्त मोकळी जागा काढा, फुलं कोरी ठेवून. पहिल्या अर्ध्या तासात कंटाळा येतो. नंतर पहारेकरी बंद करायची वेळ झाली म्हणून सांगायला येतो.